खिशातला भात

आपल्या कुरुंदवाडच्या शिवारात राजा कोण, तर ऊस. पण मृग-आर्द्रा पडून गेल्यावर रिकाम्या रानात आणि लावणीच्या सऱ्यांमधून गुडघ्याएवढे हिरवेगार सोयाबीन डुलू लागते. ते पेरतो आपण, खुरपतो आपण (खुरपणीला तर आम्हां बायकांवाचून पानही हलत नाही), काढून मळतो आपण, आणि पोती शिवून बाजारात पाठवून देतो. घरात त्यातले काय शिजते? बहुतेक घरांत काहीच नाही. त्याचे तेल तेवढे पिशवीतून विकत घेतो आणि पेंड कोंबड्या खातात.

याच धान्याची जपानातील गृहिणी एक पिशवी करतात. तिच्यात आंबटगोड भात भरतात, देवापुढे ठेवतात आणि मुलांच्या डब्यातही देतात. पदार्थाचे नाव ‘इनारीझुशी’. आपल्या भाषेत सांगायचे तर खिशातला भात. वर्धापनदिनाच्या स्मरणिकेसाठी काही लिहा, असा चिटणीसबाईंचा आग्रह झाला तेव्हा मी हाच विषय धरला. मी शिकलेली सातवीपर्यंत. इतिहास लिहिणे हा माझा अधिकार नव्हे. परंतु माझी भाची नागोया शहराजवळ संसार करते आहे. जावई तिकडे मोटारींच्या कारखान्यात आहेत. तिने तिथली देवळे पाहिली, तिथल्या शेजारणींकडून हा पदार्थ शिकून घेतला, आणि सुटीला आली की ती मला सारे मराठीत उलगडून सांगते. बाकीचे मी इकडून तिकडून वाचून गोळा केले आहे. भगिनींनी गोड मानून घ्यावे.

प्रथम पिशवी कशाची ते सांगते. सोयाबीन भिजवून, वाटून, उकळून गाळले की दुधासारखे पांढरे पाणी निघते. ते नासवून दाबले की पनीर होते. त्यालाच तोफू म्हणतात. ही विद्या मूळची चीनची. तिथल्या ल्यू आन नावाच्या राजपुत्राने दोन हजारांवर वर्षांपूर्वी ती शोधली अशी दंतकथा आहे; पण आपल्याकडे जसे प्रत्येक जुने देऊळ पांडवांनी बांधलेले असते, तशातलेच ते समजावे. जपानात तोफूचा पहिला लेखी उल्लेख ११८३ सालचा सापडतो, आणि तो आहे नारा येथील कासुगा देवस्थानच्या नैवेद्याच्या नोंदीत! म्हणजे हा पदार्थ त्या देशाच्या कागदावर आला तोच देवाच्या ताटातून.

पुढे १७८२ साली तिकडे ‘तोफू ह्याकुचिन’ नावाचे पुस्तक निघाले. त्यात एकट्या तोफूचे शंभर प्रकार दिले होते. ते इतके खपले की लगेच दुसऱ्या वर्षी त्याचा पुढचा भाग काढावा लागला. १७८२ म्हणजे आपल्याकडे महादजी शिंद्यांच्या मध्यस्थीने साल्बाईचा तह झाला ते साल. आम्हांला शाळेत तो तह पाठ करायला लावला होता, म्हणून हे साल माझ्या लक्षात राहिले.

याच तोफूचे पातळ काप तेलात दोनदा तळले की ते टम्म फुगतात आणि आतून पोकळ होतात. पुरीसारखेच म्हणा, पण चामट. त्याला ‘आबुरा-आगे’ म्हणतात. ही झाली पिशवी.

आता इनारी कोण? इनारी हा जपानातील भातशेतीचा, धान्याचा आणि भरभराटीचा देव. क्योतो शहरात फुशिमी येथे त्याचे मुख्य स्थान असून त्याची स्थापना ७११ सालची मानतात. तिथे डोंगरभर लाल कमानी उभ्या आहेत. नवस फेडणारे व्यापारी त्या अर्पण करतात, आपण देवाला घंटा वाहतो तशा. देवाचा दूत आहे कोल्हा. कोल्हा म्हणजे आपल्या उसात रात्री हुकी देतो तो नव्हे, त्याच्या जवळचे खोकड. (आपल्या कोल्हापूरचा या कोल्ह्याशी संबंध जोडू नये, ते नाव कोल्हासुरावरून पडले असे आपण परंपरेने सांगतो.) भातात उंदीर माजतात आणि खोकड उंदीर खाते, म्हणून ते शेताचे राखणदार ठरले, अशी एक उपपत्ती सांगतात. खोकडाला तळलेला तोफू फार आवडतो अशी तिकडच्या लोकांची श्रद्धा आहे. म्हणून देवळात त्याचा नैवेद्य दाखवतात, आणि त्यात भात भरला की त्या पदार्थाला देवाचेच नाव देतात. पश्चिमेकडे क्योतो-ओसाका भागात पिशवी तिकोनी करतात. तो म्हणे खोकडाचा कान! पूर्वेकडे तोक्योच्या बाजूला ती लांबट करतात. ते भाताच्या पेंढीच्या पोत्याचे रूप. फेब्रुवारीत ‘हात्सु-उमा’ नावाचा इनारीचा सण येतो, त्या दिवशी तर हा पदार्थ पाहिजेच.

भाची राहते त्याच आयची प्रांतात तोयोकावा नावाचे गाव आहे. तिथले इनारीचे स्थान सर्व देशात नावाजलेले आहे. गंमत अशी की ते मूळचे बौद्ध मंदिर, १४४१ साली स्थापन झालेले. आणि तिथे ज्या देवतेची पूजा होते तिचे नाव डाकिनी! होय, आपलीच डाकिनी. आपल्या तंत्रग्रंथांत ती कालीच्या परिवारातली, मांस खाणारी, भयंकर. इथून ती बौद्ध तंत्रमार्गाबरोबर चीनला गेली. ८०६ साली कूकाई नावाचा जपानी भिक्षू चीनहून शिकून परतला आणि त्याने तो मार्ग जपानात रुजवला. त्या मार्गाबरोबर डाकिनीही तिथे पोहोचली. पुढे कधीतरी तिची आणि इनारीची सांगड बसली. तोयोकावाला ती पांढऱ्या खोकडावर उभी असते आणि तिच्या खांद्यावर भाताच्या लोंब्यांचा भारा असतो.

हे ऐकले तेव्हा मी बराच वेळ गप्प झाले. कारण डाकीण हा शब्द आपण लहानपणापासून कसा ऐकला आहे? पोर रडू लागले की भीती घालण्यासाठी. आणि त्याहून वाईट म्हणजे, एखाद्या एकट्या विधवेच्या दारावरून जाताना पदर तोंडाशी धरून. डाकीण, चेटकीण म्हणून किती गरीब बायकांना गावाने गांजले याची गणती नाही. महाराष्ट्रात त्याविरुद्ध २०१३ साली कायदा करावा लागला. आणि तीच बाई समुद्रापलीकडे जाऊन लोंब्यांचा भारा घेतलेली अन्नदात्री झाली, लोक तिच्यासाठी भात भरतात! देवता तीच, नाव तेच. फरक लोकांच्या नजरेत पडला. असो. विषय भाताचा आहे, मी भलतीकडे गेले.

भरलेला खिसा विकत मिळू लागला त्याची हकिगतही मोठी रंजक आहे. आजच्या तोक्योला पूर्वी एदो म्हणत. कितागावा मोरिसादा नावाच्या गृहस्थाने १८३७ पासून पुढे कित्येक वर्षे आपल्या काळच्या चालीरीती, कपडे, धंदे, खाणे यांच्या नोंदी करून ठेवल्या. आपल्याकडे असा कुणी भेटला असता तर पेशवाईतल्या चुलीपुढचे किती कळले असते! तो लिहितो की तेम्पो काळाच्या शेवटी, म्हणजे १८४० च्या सुमाराला, एदोत तळलेला तोफू एका बाजूने कापून, त्यात अळंबी वगैरे घातलेला भात भरून विकू लागले. विक्रेते कंदिलावर लाल कमानीचे चित्र काढून रात्रंदिवस फिरत. नागोयाकडे हा पदार्थ आधीपासून होता असेही तो नमूद करतो. आणि सर्वांत स्वस्त तोच, हेही. तेम्पो काळ म्हणजे दुष्काळाचा काळ. १८३३ पासून चार-पाच वर्षे तिकडे माणसे अन्नान्न करीत होती. माशाची सुशी श्रीमंतांनी खावी आणि मजुराने, हमालाने हा खिसा हातात घेऊन चालता चालता खावा. गरिबाचे अन्न, पण त्याला देवाचे नाव आणि गोड चव. त्यामुळे ते खाण्यात कुणाला कमीपणा वाटला नाही. नाटकवाल्यांनीही ते उचलले. ‘सुकेरोकु’ हे १७१३ पासूनचे गाजलेले काबुकी नाटक. त्यातल्या नायिकेचे नाव आगेमाकी. ‘आगे’ म्हणजे तळलेला तोफू आणि ‘माकी’ म्हणजे गुंडाळी. म्हणून हा खिसा आणि भाताची गुंडाळी एकत्र घातलेल्या डब्याला आजही ‘सुकेरोकु’ म्हणतात. नायिकेच्या नावावर कोटी केली आणि डबा नायकाच्या नावाने विकला, हे मात्र पुरुषांच्या दुनियेला शोभेसेच झाले.

आता आपल्या बाजूला येऊ. सोयाबीनला मराठी माणसाने ओळखलेच नाही असे नव्हे. बडोद्याला सयाजीराव महाराजांच्या कारकिर्दीत एफ. एस. काळे नावाचे गृहस्थ संस्थानात अन्नपाहणी अधिकारी होते. त्यांनी १९३६ साली सोयाबीनवर एक मोठे पुस्तक लिहिले आणि ते बडोदे सरकारच्या छापखान्यातून निघाले. लागवडीपासून दुधा-पनीरापर्यंत सर्व माहिती, वर तीनशे पाककृती! त्याच सुमारास वर्ध्याला मगनवाडीत महात्माजींचे वास्तव्य होते. १९३४ च्या डिसेंबरात स्थापन झालेल्या ग्रामोद्योग संघाचे काम तिथे चाले आणि त्यात आहाराचे प्रयोगही होत. भोजनात सोयाबीन घालून पाहिले गेले, आणि १९३५ साली ‘हरिजन’ पत्रात गांधीजींनी स्वतः त्यावर लिहिले. गरिबाला दूध-डाळ परवडत नाही, त्याला ताकदीचे स्वस्त अन्न मिळावे, ही त्यामागची तळमळ. तळमळ अगदी खरी होती. तूरडाळीत प्रथिने शंभरात बावीसच्या आसपास, तर सोयाबीनमध्ये चाळीसच्या आसपास.

मग ते आपल्या चुलीवर का चढले नाही? मोठमोठ्या लोकांच्या प्रयत्नांबद्दल माझ्यासारखीने बोलू नये, तरी स्वयंपाकघरातल्या बाईच्या बुद्धीने मला असे वाटते. काळ्यांचे पुस्तक इंग्रजीत होते. १९३६ साली ज्यांच्या हाती पळी होती, त्यांतल्या कितीजणी इंग्रजी वाचू शकत होत्या? दुसरे असे की, सोयाबीन तुरीसारखे शिजून मऊ होत नाही. नुसते उकडले तर उग्र वास येतो, आणि कच्चट राहिले तर पोटाला बाधते. चीन-जपानच्या बायकांनी ते नुसते उकडण्यावर समाधान मानले नाही. त्याचे दूध काढले, नासवले, तळले, आंबवले. आणि तिसरे, जे मला सर्वांत मोठे वाटते: आपल्याकडे सोयाबीन औषध म्हणून आले. ‘गरिबांनी खावे, ताकद येते’ असे म्हणून जो पदार्थ वाढला जातो, तो गरीबही मनापासून खात नाही. आपल्या वाडीला दत्तमहाराजांच्या दर्शनाला येणारा माणूस कवठाची बर्फी घेऊन जातो, ती काय कवठ गुणकारी म्हणून? गोड लागते आणि देवाच्या दारातली असते म्हणून!

त्यानंतर सोयाबीन पुन्हा आले ते पोत्यातून. १९६० नंतरच्या दशकात पंतनगर आणि जबलपूरच्या कृषी विद्यापीठांनी अमेरिकेतील इलिनॉय विद्यापीठाच्या साह्याने पिवळ्या वाणांची लागवड सुरू केली. मध्य प्रदेशातून ते विदर्भ-मराठवाड्यात आणि मग आपल्या कृष्णाकाठी आले. सांगलीपलीकडे कसबे डिग्रजला कृषी संशोधन केंद्र आहे. ‘फुले संगम’ या वाणाच्या क्रमांकात केडीएस अशी अक्षरे असतात, त्यातले केडी म्हणजे कसबे डिग्रज. इतके ते घरचे झाले. पण या वेळी ते आले ते तेलाच्या गिरणीसाठी. बाईच्या हाती खुरपे आले, पाककृती आली नाही.

शेतकऱ्याच्या घरात त्याचे हाल आपण पाहतोच आहोत. ऑगस्ट २०१९ च्या महापुरात पंचगंगा-कृष्णेने गावाला वेढा घातला, तेव्हा रानातले सोयाबीन पाण्याखाली कुजले. २०२४-२५ च्या हंगामाला सरकारने क्विंटलला ४,८९२ रुपये हमीभाव जाहीर केला आणि बाजारात भाव त्याच्या खालीच रेंगाळले. म्हणजे त्या हंगामात किलोभर सोयाबीनला पन्नास रुपयेही नव्हते, आणि तेच आपण मुलांसाठी दुधाचे पनीर आणायला जातो तेव्हा किती मोजतो, ते प्रत्येकीने आपल्या पिशवीला विचारावे. घरच्या किलोभर सोयाबीनचे किलोभर किंवा थोडे अधिक पनीर पडते.

आता कृती. भाचीने सांगितलेली आणि मी आपल्या साहित्याने बसवलेली.

अर्धा किलो सोयाबीन घ्यावे. पेरणीच्या पिशवीतले मुळीच घेऊ नये. त्याला औषध चोळलेले असते. निवडून रात्रभर भरपूर पाण्यात भिजत घालावे. सकाळी चोळून साले काढावीत आणि मिक्सरमध्ये उकळते पाणी घालून वाटावे. गार पाण्यात वाटले की उग्र वास सुटतो, कढत पाण्यात तो पुष्कळ मरतो. सारे मिळून साडेतीन-चार लिटर पाणी लागते. हे मोठ्या पातेल्यात सतत ढवळत दहा-पंधरा मिनिटे चांगले उकळावे. फेस दुधासारखा वर चढतो, म्हणून पातेले अर्धेच भरावे. मग मलमलच्या फडक्यातून गाळून, पिळून दूध काढावे. जपानात ते समुद्राच्या मिठाच्या कडू पाण्याने नासवतात. आपण चार-पाच लिंबांचा रस पाण्यात मिसळून घ्यावा. दूध उकळी बसल्यावर थोडे निवू द्यावे, आणि रस दोन-तीन वेळा थोडा थोडा घालून हलक्या हाताने ढवळावे. पाणी हिरवट-पिवळे सुटले की झाले. फडक्यात बांधून वर वरवंटा ठेवावा.

दोन तासांनी घट्ट वडी होते. तिचे बोटाच्या निम्म्या जाडीचे, खेळण्यातल्या पत्त्यापेक्षा थोडे लहान काप करून, दोन पंचांमध्ये ठेवून पुन्हा तासभर दाबावेत. पाणी जितके निघेल तितके बरे, नाहीतर कढईत तडतड उडते. आधी बेताच्या तापलेल्या तेलात मंद आचेवर आठ-दहा मिनिटे तळावेत, मग आच वाढवून लाल करावेत. तिकडच्या कारखान्यातल्यासारखे आपले काप पुरते फुगत नाहीत. लिंबाचे पनीर थोडे ठिसूळ असते. म्हणून निवल्यावर त्यांवरून हलकेच लाटणे फिरवावे, आतला पापुद्रा सुटतो. मग एका कडेने सुरीने चीर देऊन खिसा मोकळा करावा. वरून कढत पाणी ओतले की जादा तेल निघून जाते.

दोन वाट्या पाणी, पाऊण वाटी चिरलेला कोल्हापुरी गूळ आणि तीन मोठे चमचे सोया सॉस (चायनीजच्या गाड्यांमुळे हा आता वाण्याकडेही मिळतो) उकळून त्यात खिसे घालावेत आणि रस आटेपर्यंत मंद आचेवर ठेवावेत. जपानात साखर घालतात. गुळाने रंग अधिक खुलतो, आणि मला तर चवही अधिक आवडली.

भाताला बासमती नको. तो मोकळा होतो. इंद्रायणी उत्तम, आजऱ्याचा घनसाळ मिळाला तर वासाला बहार येते. दीड वाटी तांदळाचा मऊ पण सडसडीत भात परातीत काढून, गरम असतानाच त्यात दोन मोठे चमचे व्हिनेगर, एक चमचा साखर आणि चवीपुरते मीठ विरघळवून शिंपडावे. ढवळताना पंख्याने वारा घालावा, म्हणजे भाताला तकाकी येते. सुशी या शब्दातच आंबटपणा आहे. फार पूर्वी तिकडे मासे टिकवण्यासाठी भातात मुरवीत आणि आंबलेला भात फेकून देत. पुढे भात फेकणे बंद झाले आणि आंबवण्याऐवजी शिरका आला. आपण प्रवासाला दहीभात नेतो, त्यातलेच हे. भाजलेले तीळ आणि किसून वाफवलेले गाजर मिसळून, ओल्या हाताने लहान मुटके करून खिशात भरावेत आणि कडा आत दुमडून, दुमड खाली करून ठेवावेत. सोळाएक होतात.

जपानला मुले-सुना असलेल्या भगिनींसाठी एक सूचना. तिथे हा पदार्थ दिसायला शाकाहारी असला, तरी खिसे ज्या पाण्यात शिजवतात त्यात बहुधा वाळवलेल्या माशाचा अर्क असतो. त्याला ‘दाशी’ म्हणतात. विचारल्याशिवाय खाऊ नये. भाची घरी करते तेव्हा वाळक्या अळंब्या भिजवलेले पाणी घालते.

आमच्या सासूबाईंनी पहिला खिसा खाल्ला, थोडे थांबून दुसरा घेतला आणि विचारले, “हा नैवेद्याला चालेल का गं? भात उष्टा नाही, कांदा-लसूण नाही.” मी म्हटले, “चालायला हरकत नाही, पण कुणाच्या नैवेद्याला?” त्यावर त्या म्हणाल्या, “त्या डाकिणीलाच दाखव की. इतक्या लांबून आठवण काढलीस.”

गाळून उरलेला चोथा टाकू नये. त्यात ज्वारीचे पीठ, कांदा, तिखट आणि ओवा घालून थालीपीठ लावावे. चोथा मात्र त्याच दिवशी वापरावा, उन्हाळ्यात तो संध्याकाळपर्यंत आंबतो. भरलेले खिसे ताजेच खाऊन संपवावेत. शीतकपाटात ठेवले तर भात कडक होतो.